आठ पानांचे वकील

आमच्या म्युनिसिपालिटीच्या मुलींच्या शाळेत उत्क्रांतीचा धडा टिकला तो माझ्यामुळे, असं माझ्या जुन्या विद्यार्थिनी अजून सांगतात. रस्त्यात भेटल्या की माझा हात धरून सोबतच्या नवऱ्याला सांगतात, मुलांना सांगतात. ऐकायला गोड लागतं, म्हणून बरीच वर्षं मी ते खोडून काढलं नाही. खरी गोष्ट अशी की तो धडा तीन माणसांनी वाचवला. त्या तिघांना कोणी बोलावलं नव्हतं. आणि ते धडा वाचवत होते तेव्हा मी माघारीचं पत्र लिहून पिशवीत घालून बसले होते.

दुसऱ्या लढाईच्या आधीची गोष्ट. मी चोवीस वर्षांची होते, नुकती बी.एस्सी. झाले होते. धंतोलीतल्या घरून सायकलीवर महालातल्या शाळेत जायची. बाई सायकलीवर बसते हे बघायला महालातले दुकानदार तराजू हातात तसाच धरून थांबायचे. शाळेत माझ्याकडे सृष्टिज्ञान होतं. नववीच्या पुस्तकात शेवटी आठ पानांचा एक धडा होता: प्राणी हळूहळू कसे बदलत गेले, जुन्या काळचे सांगाडे कसे सापडतात, माणूसही या साखळीतच कसा येतो. माझ्या आधीचे मास्तर हा धडा 'घरी वाचा' म्हणून सोडून देत. मी तो शिकवला. मन लावून, फळ्यावर खडूने हातांच्या हाडांची चित्रं काढून शिकवला.

त्याच संध्याकाळी एका मुलीच्या घरी पंगत बसली होती. तिच्या आजोबांच्या हातून भात सांडला. पोरगी फटकळ. ती म्हणाली, "आजोबा, तुम्ही अजून पूर्ण माणूस झाले नाही."

आजोबा इतवारीतले कापडाचे व्यापारी, आणि शाळा कमिटीचे सभासद.

दुसऱ्या दिवशी सकाळी प्रार्थना संपायच्या आत ते शाळेत हजर. मोठ्या बाईंच्या खोलीतून त्यांचा आवाज तिसऱ्या वर्गापर्यंत येत होता. मोठ्या बाई म्हणजे आमच्या हेडमिस्ट्रेस, बोलायला कडक पण मनाने सरळ. त्यांनी मला बोलावलं तेव्हा शेठजी निघून गेले होते.

"शनिवारी दुपारी कमिटीची मीटिंग आहे," त्या म्हणाल्या. "धडा ठेवायचा की काढायचा, ते ठरेल. तोवर ती आठ पानं चिकटवून टाका."

"चिकटवून?"

"खळ लावून. शेठजींची तशी अट आहे."

मग शिपायाने मैद्याची खळ शिजवली आणि नववीच्या चाळीस मुलींनी आपापल्या पुस्तकातली पानं चिकटवली. मी सांगते, त्या धड्याचा इतका अभ्यास त्या वर्गात आधी झाला नव्हता आणि नंतरही झाला नाही. दुसऱ्या दिवशी निम्म्या मुलींनी पानं पाण्याचा हात लावून सोडवली होती. उरलेल्या त्यांच्या पुस्तकांवरून वहीत उतरवून घेत होत्या. ज्या मुलीला बेडकाचं हृदय किती कप्प्यांचं ते तीनदा सांगूनही आठवत नसे, ती आता तो धडा पाठ म्हणून दाखवत होती.

घरी मात्र गंमत नव्हती. माझे वडील सेक्रेटरिएटात हेडक्लार्क. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि सुपारी कातरता कातरता म्हणाले, "माणूस माकडापासून झाला काय आणि आकाशातून पडला काय, शाळेची घंटा साडेदहालाच वाजणार. तू कशाला मधे पडतेस?" आईने माझ्या पानात त्या दिवशी दोनदा तूप वाढलं. म्हणजे तिलाही माझी नोकरी जाणार असंच वाटत होतं. मी खोलीत जाऊन पत्र लिहिलं: सदर धडा पुन्हा शिकवणार नाही, झाल्या प्रकाराबद्दल दिलगीर आहे. अक्षर फार सुंदर आलं होतं, ते आठवतं.

गुरुवारी मधल्या सुट्टीत शाळेच्या फाटकाशी एक माणूस खांद्यावर पोतं घेऊन उभा दिसला. काळा, उंच, धोतर गुडघ्यापर्यंत, पायाला मुरमाची लाल धूळ. शिपाई त्याला आत सोडेना. मी विचारलं तेव्हा म्हणाला, "माही पोरगी तुमच्या वर्गात हाय जी. मी विहिरी खोदतो. ते पानं चिकटवले म्हणून राहिली पोरगी, खरं काय?"

"खरं आहे."

"मंग हे पाहा." त्याने पोतं तिथेच पायरीवर उलटं केलं. पांढरट राखाडी दगडांचे तुकडे. वाकून पाहिलं तर प्रत्येक तुकड्यात शंख. गोगलगायीचे असतात तसे, पण दगडाचेच झालेले, काही पेरूएवढे मोठे. मी बी.एस्सी.ला पुस्तकात अशी चित्रं पाहिली होती. हातात घेतला नव्हता एकही.

"कुठे मिळाले?"

"टाकळीकडं. वर काळी माती, मंग मुरूम, मंग काळा दगड, पहार वाकते असा. त्याच्या खाली हा पांढरा थर, हातभर. त्यातच हे. अन् त्याच्या खाली पुन्हा काळा दगड." हाताने तो हवेत एकेक थर ठेवत होता. "बारा वर्सं झाले जमवून राहिलो. बायको म्हणते खाटेखाली गोटे काहून ठेवता. मले कोणी सांगत नव्हतं हे काय हाय. पोरीनं त्या धड्यातलं वाचून दाखवलं, तवा समजलं. शनवारी मी येऊ का बोलाले?"

मी काय सांगणार? माझ्या पिशवीत ते पत्र होतं. मी म्हटलं, "कमिटी तुम्हाला बोलू देईल की नाही, माहीत नाही."

"मी फाटकावर उभा राहीन," तो म्हणाला आणि दगड एकेक करून पोत्यात भरू लागला. एक मात्र माझ्या हातात ठेवून गेला.

दुसरा माणूस आमच्याच शाळेतला निघाला. संस्कृत शिकवायला आठवड्यातून तीन दिवस एक वृद्ध शास्त्रीबुवा येत. पागोटं, उपरणं, पायात लाल पुणेरी जोडा. तोवर त्यांनी माझ्याशी चार वाक्यंही बोलली नसतील. सायकल चालवणाऱ्या बाईशी काय बोलावं हे त्यांना सुचत नसावं. गुरुवारी त्यांनी माझ्याकडून पुस्तक मागून नेलं. शुक्रवारी आणून दिलं तेव्हा समासात पेन्सिलीच्या बारीक खुणा होत्या.

"वाचलं," ते म्हणाले. "यातलं एक अक्षर मला पटलं नाही."

मी मान खाली घातली.

"पण चिकटवायचं कशासाठी? आमच्यात आधी पूर्वपक्ष मांडतात. समोरच्याचं म्हणणं, त्याच्याहूनही नीट मांडून दाखवायचं, आणि मग खोडायचं. ज्याला पूर्वपक्ष ऐकवत नाही तो शास्त्री कसला, व्यापारी आहे!" मग त्यांच्या लक्षात आलं की तक्रार करणारा खरोखरच व्यापारी आहे, आणि शास्त्रीबुवा मी पहिल्यांदा हसताना पाहिले. "मी शनिवारी येतो," ते म्हणाले.

तिसरं माणूस म्हणजे एक बाई. ती सरळ मीटिंगमध्येच उगवली.

शनिवारी दुपारी हॉलमध्ये टेबलामागे कमिटीचे पाच जण बसले. अध्यक्ष पेन्शनर तहसीलदार, दुपारच्या झोपेची सवय असलेले. शेजारी शेठजी, फेटा बांधून. त्यांनी सुरुवात केली. लेकीसुनांच्या शाळेत असलं शिक्षण, थोरामोठ्यांचा अपमान, उद्या मुली म्हणतील देव नाही. ते नाटक नव्हतं, हे मी समोरच बसून पाहत होते. नातीवर त्यांचा जीव होता आणि ती सगळ्या पंगतीसमोर त्यांना हसली होती. खरं दुखणं ते होतं.

एका सभासदाने मधला मार्ग काढला. "आपल्याकडे दशावतार आहेतच की. आधी मासा, मग कासव, मग वराह, मग नरसिंह. हेच ते. पुस्तकातला धडा काढा आणि दशावतार शिकवा. सगळेच खूश."

दोघांनी मान डोलावली. मला सुटका झाल्यासारखं वाटलं, खोटं कशाला बोलू? तेवढ्यात मागून शास्त्रीबुवा उठले.

"अवतार देवाने घेतले," ते म्हणाले. "माशाचं कासव झालं आणि कासवाचं डुक्कर झालं, असं कोणत्या पुराणात लिहिलंय ते दाखवा. माझ्या पुराणाला या पुस्तकाची टेकण नको, आणि या पुस्तकाला पुराणाची नको. शिकवायचं तर ते काय म्हणतात तेच शिकवा. पुढे त्याला उत्तर द्यायला मी बसलो आहे ना!"

अध्यक्षांची झोप उडाली. त्यांनी विचारलं, "म्हणजे शास्त्रीबुवा, तुम्ही धड्याच्या बाजूचे?"

"मुळीच नाही. मी फक्त पानं उघडी ठेवण्याच्या बाजूचा."

त्या गोंधळात मोठ्या बाईंनी शिपायाला खूण केली आणि फाटकाशी उभा असलेला विहीरवाला पोत्यासकट आत आला. त्याने दगड टेबलावर मांडले. हवेत थर ठेवून दाखवले. मग धोतराच्या ओच्यातून चार साधे शंख काढले, अंबाझरीच्या तलावावरून आणलेले, आजचे.

"हे पाहा साहेब. तलावातला शंख असा समोर धरला तं तोंड उजवीकडं येते. अन् हा दगडातला. तोंड डावीकडं. बारा वर्सांत मले दगडात असे डावखोरेच भेटले जी. म्हणजे तवाचे जीव वेगळे होते, आताचे वेगळे हायत."

"प्रलयात वाहून आले असतील," शेठजी म्हणाले.

"प्रलयात काळा दगड कसा येईन, शेठजी? खाली काळा दगड, वर काळा दगड, मधात हे बिचारे. कितीक वेळ गेला असन ते मले नाही सांगता येत. पण मी पहारीनं एक हात फोडतो तं दिवस जाते. तो दगड बनाले एक दिवस तं नाही ना लागला?"

पाचही जण दगड उलटसुलट करून पाहू लागले. अध्यक्षांनी चष्मा पुसून एक शंख नाकाशी धरला. शेठजींनीही एक उचलला, आणि मग सगळे बघताहेत हे कळल्यावर खाली ठेवला.

तेवढ्यात दारातून आवाज आला, "मले बी बोलाचं हाय."

नऊवारी लुगडं, कपाळावर ठसठशीत कुंकू, हातात कापडात बांधलेलं काहीतरी. वर्गातल्या एका मुलीची आत्या होती ती. सावनेरकडे शेती, दवाखान्याच्या कामाने भावाकडे आली होती. भाचीने रोज संध्याकाळी चिकटलेली पानं सोडवून वाचून दाखवली, तेव्हापासून तिच्या मनात हे घोळत होतं. तिने कापड सोडलं. आत ज्वारीची दोन कणसं. एक सैल, लांबुळकं. एक मुठीसारखं भरलेलं.

"हे पहिलं आमच्या शेजाऱ्याच्या वावरातलं. अन् हे माहं. दोन्हीचं बी एकच होतं. माही सासू दरसाली खळ्यात बसून चांगलं कणीस बियाले काढून ठेवे. मंग मी काढाले लागली. शेजारी हातात येईल ते पेरते. पाहा फरक!"

शेठजी आता सावरून बसले होते. व्यापारी माणूस, मुद्दा लगेच पकडला. "पण आत्याबाई, ज्वारीची ज्वारीच राहिली ना? गहू तर नाही झाला?"

मला वाटलं, संपलं. प्रश्न खरा होता.

आत्याबाई जराही अडखळली नाही. "नाही झाला. मले दोनच जन्म भेटले जी, एक सासूचा अन् एक माहा. पुस्तकात लाखो वर्सं लिहिले हायत. तुम्ही मले लाख वर्सं द्या, मंग इचारा."

अध्यक्ष इतके हसले की त्यांना ठसका लागला. मोठ्या बाई खिडकीकडे तोंड करून उभ्या राहिल्या. मग मला वाटलं, एवढ्या लोकांनी एवढं केलं, आता तरी आपण उठावं. मी उठले आणि शेठजींकडे बघून म्हटलं, "माकड आपले आजोबा होते असं पुस्तक म्हणत नाही. आपले आणि माकडांचे फार जुने पूर्वज एक होते, एवढंच म्हणते. म्हणजे माकड आपलं चुलत नातं. तुमची नात तुम्हाला जे बोलली ते तिने बोलायला नको होतं, आणि ते मी शिकवलेलं नाही. तिला मी सांगेन."

शेठजी म्हणाले, "चुलत?"

"हो. चुलत."

"माझा चुलतभाऊ अकरा वर्षांपासून माझ्याशी कोर्टात भांडतोय," ते म्हणाले. "त्याच्यापेक्षा माकड बरं."

हे बोलून ते स्वतःच हसले. तरी मत त्यांनी धड्याच्या विरोधातच दिलं. माणूस एकवचनी होता. तीन विरुद्ध दोन मतांनी पानं उघडी राहिली. अट एकच घातली गेली: जेवणाच्या पंगतीत हा विषय काढायचा नाही. ते पत्र मी घरी जाताना फाडलं आणि जुम्मा तलावात टाकलं.

पुढच्या आठवड्यात मी मोठ्या बाईंना विचारलं की बक्षीस समारंभात त्या तिघांचा सत्कार करता येईल का. त्यांनी कमिटीला विचारलं. कमिटी म्हणाली, समारंभात हार घालायचे ते पाहुण्यांना. विहीर खोदणाऱ्याला हार घातला तर उद्या कोणीही येईल. तेव्हा नववीच्या मुलींनी ठरवलं की आपणच करू, आपल्याच वर्गात. झेंडूचे हार घरून आले. काटोलच्या एका मुलीच्या वडिलांनी टोपलीभर संत्री पाठवली. फळ्यावर मुलींनी लिहिलं, 'आमची पानं सोडवणाऱ्यांचे आभार'. त्यात रंगीत खडू वापरले, त्याबद्दल नंतर मी बोलणी खाल्ली.

विहीरवाला नवा सदरा घालून आला होता. हार घातल्यावर तो इतका ताठ उभा राहिला की श्वास घेतोय की नाही कळेना. आत्याबाईने हार काढून भाचीच्या गळ्यात घातला आणि म्हणाली, "मले तं संत्रं द्या." शास्त्रीबुवांनी हात आडवा केला. "मी त्या पक्षाचा नाही. हार घेतला तर खोटं होईल." मुली हिरमुसल्या. मग त्यातल्या एकीने पुढे होऊन विचारलं, "मग नुसता नमस्कार चालेल का?" तो चालला. चाळीस जणींनी केला. शास्त्रीबुवा उपरण्याने डोळे पुसत म्हणाले, खडूची धूळ फार आहे.

मी त्या दिवशी तिघांना पत्राची गोष्ट सांगितली. सांगितल्याशिवाय मला त्यांच्यासमोर उभं राहवेना. विहीरवाला संत्र्याची फोड हातात धरून म्हणाला, "बाई, तुम्हाले नोकरी जायचं भेव होतं. माही नोकरी कोण नेईन? विहीर तं मलेच खोदा लागते. ज्याले भेव नाही त्यानं आधी बोलाचं असते. मंग बाकीचे बोलतात." त्याच्या बोलण्यात उपकाराचा सूर नव्हता. पहार कशी धरायची ते सांगावं तसं त्याने सांगितलं.

त्याला काय हवं असं मुलींनी विचारलं तर म्हणाला, गोटे शाळेच्या कपाटात ठेवा, खाटेखालची जागा मोकळी होईन. ते आम्ही ठेवले. पुढे वर्गाला अजब बंगला, म्हणजे आमच्याकडचं म्युझियम, दाखवायला नेलं तेव्हा त्यालाही सोबत घेतलं. तिथे काचेच्या पेटीत थेट त्याच्यासारखेच शंख ठेवले होते. तो त्या पेटीसमोरून हलेना. मुली पेंढा भरलेला वाघ पाहून आल्या, मूर्ती पाहून आल्या, बाहेर झाडाखाली बसून डबे खाऊन आल्या, तरी तो तिथेच. शेवटी म्हणाला, "म्हणजे हे कोणाले तरी आधीच माहीत होतं?" त्यात थोडी निराशा होती आणि बराच आनंद. घरी जाताना तो सगळ्या मुलींना सांगत सुटला की माहा त्या पेटीतल्यापेक्षा मोठा हाय.

आत्याबाई सावनेरला परतण्याआधी एक दिवस वर्गात येऊन बसली, शेवटच्या बाकावर, मांडी घालून. मी धडा पुन्हा घेतला. तास संपता संपता तिने हात वर केला. "बाई, माहे कणसं मी निवडते. रानातलं कोण निवडते?"

इतका नेमका प्रश्न मला कॉलेजातही कोणी विचारला नव्हता. मी सांगितलं: उन्हाळा, कीड, दुष्काळ, जे तगेल ते पुढे बी टाकतं. "म्हणजे तिकडली सासू लयच कडक हाय," ती म्हणाली. चाळीस मुली खो खो हसल्या आणि मी पण.

शास्त्रीबुवांनी मागितलं ते एकच. त्या धड्यानंतर एक तास त्यांना हवा होता, उत्तरपक्ष मांडायला. मोठ्या बाईंनी दिला. ते पागोटं नीट करून फळ्यासमोर उभे राहिले आणि आधी त्या आठ पानांचा सारांश त्यांनी इतका सुरेख सांगितला की मी वहीत उतरून घेतला. मग खोडायला लागले. मुली ऐकतील कशाला! जिराफाची मान, वटवाघळाचे पंख, माणसाच्या माकडहाडाचं काय, एकामागून एक प्रश्न. शास्त्रीबुवा घामाघूम झाले, पण खुर्चीवर बसले नाहीत. तास संपल्यावर बाहेर येऊन म्हणाले, "या मुलींना तर्क कोणी शिकवला?" मी म्हटलं, "तुम्हीच. संस्कृतच्या तासाला." त्यांनी उपरणं झटकलं आणि चालू लागले.

तेव्हापासून दर वर्षी हे ठरून गेलं. मी धडा घ्यायची, पुढचा तास त्यांचा. दोन्हीकडच्या मुली जोरात तयारी करून यायच्या. लढाई सुरू झाली, कागद महाग झाला, पुस्तकाची नवी आवृत्ती पातळ पानांवर आली. त्यात धड्याची आठाची बारा पानं झाली होती. शास्त्रीबुवांना तोवर दिसेनासं झालं होतं. मी संध्याकाळी त्यांच्या घरी जाऊन वाचून दाखवायची. ते पाटावर बसून ऐकत, मधे मधे थांबवून एखादं वाक्य पुन्हा वाचायला लावत. एकदा मी विचारलं, "आता तरी थोडं पटतं का?"

"नाही," ते म्हणाले. "पुढचं पान वाचा."